टाकीखालचा हुंकारा

१

किनुए आत्या बोलते आणि मी "हं" म्हणते. लहानपणापासून आमचं हेच चाललंय. शेजारणीचा मुलगा, डॉक्टरांचा उद्धटपणा, मुळ्याच्या लोणच्याला यंदा सुटलेलं पाणी, विषय काहीही असो. तिचं वाक्य संपलं की मी "हं" टाकायचा, म्हणजे पुढचं वाक्य सुरू होतं. ऐकायची गरज नसते. आमच्याकडे सगळेच असं करतात. समोरचा बोलत असताना गप्प राहिलं तर तो मध्येच थांबतो आणि विचारतो, "बरं नाही का तुला?" मोठ्यांच्या बाबतीत तर हुंकारा म्हणजे नमस्कारच. तो मी देते. लक्ष देत नाही.

फेब्रुवारीतल्या त्या तीन दिवसांत मी किती वेळा "हं" म्हटलं असेल देव जाणे. आम्ही दोघी साके, म्हणजे तांदळाची दारू, बनते ती कोठारं बघत हिंडत होतो, रोज एक. सकाळची पॅसेंजर, सीटखालच्या हीटरवर भाजणाऱ्या पोटऱ्या, आत्याच्या रुमालात साठत जाणाऱ्या संत्र्याच्या साली. मग बर्फातून चालत एखादी काळ्या फळ्यांची लांबलचक इमारत, दारावर देवदाराच्या डहाळ्यांचा गोळा टांगलेला. आत गेलं की पायात रबरी बूट, डोक्याला कागदी टोपी, पाठ केलेली माहिती म्हणणारा एखादा हसरा माणूस आणि शेवटी चाखायला तीन पेले. आत्या साके पीत नाही. ती पेला ओठाला टेकवून माझ्याकडे सरकवायची. पहिल्या दोन ठिकाणी तिनं एकही प्रश्न विचारला नाही. फक्त टाक्यांना लावलेल्या लाकडी शिड्या पाहिल्या. एका शिडीच्या पायरीवर तळवा ठेवून ती स्वतःशीच म्हणाली, "एवढी अरुंद असते?"

ती दोन कोठारं म्हणजे तयारी होती. तिला खरं पाहायचं होतं ते तिसरं. त्याचं नाव मी लिहिणार नाही.

काकुजी आतोबा, म्हणजे आत्याचे यजमान, तिथे वारले. कापणी संपली की आमच्या गावचे पुरुष कोठारात कामाला जायचे आणि बर्फ वितळल्यावर परत यायचे. आतोबांनी असे एकतीस हिवाळे काढले. एकतिसाव्या हिवाळ्यात ते सात नंबरच्या टाकीवर ढवळायला चढले आणि आत पडले. आंबणाऱ्या भातातून वायू निघतो. एक पुरता श्वास घेतला की ओरडायलाही वेळ मिळत नाही. घरी आले ते धुऊन पुसून, कोरे कपडे घालून. केसांना मात्र वास होता, एवढंच आत्या सांगते. मी तेव्हा पाच वर्षांची होते. आता चोवीस.

एकोणीस वर्षांत तिनं ती जागा पाहिली नव्हती, कारण बायकांना आत सोडत नसत. बाईच्या पावलानं साके नासते म्हणे. मी रसायनशास्त्र शिकलेय. साके कशाकशानं नासते याची यादी मी कोणालाही फळ्यावर लिहून दाखवीन. त्या यादीत माझी आत्या नाही. मग गेल्या वर्षी कोठाराच्या धाकट्या मालकानं जाहिरात दिली. खास महिलांसाठी सहल, गुलाबी पेला भेट. मला संताप आला. आत्यानं मात्र ते कात्रण घडी घालून पाकिटात ठेवलं.

तिसऱ्या दिवशी निघताना बाबांनी, तिच्या धाकट्या भावानं, मला स्टेशनच्या खांबाआड घेतलं.

"तिचं हृदय नाजूक झालंय. काय बघायचं ते बघू दे, पण तिला तिथे बसू देऊ नकोस. अंधाराच्या आत घरी आण."

"आत्या काय पार्सल आहे?"

"कोतोने, तिला परत आण. एवढंच सांगतोय मी."

"हं," मी म्हटलं.

२

रात्रभर बर्फ पडला होता. बाकीच्या बायकांनी सहल रद्द केली आणि माहिती सांगणारी मुलगीही पोचू शकली नव्हती. म्हणून दार उघडायला स्वतः सेगावा वस्ताद आले. कोठारातल्या सगळ्या कामगारांचा हा मुख्य, सत्तरीचा, मानेभोवती टॉवेल, चेहऱ्यावर दात दुखत असल्यासारखा भाव.

"सकाळी नात्तो खाल्लंत का?" हा त्यांचा नमस्कार. आंबवलेल्या सोयाबीनचे जंतू भातावरच्या बुरशीला मारतात, हे खरं आहे. पण विचारायची काही रीत असते.

"नाही."

"नक्की?"

"वास घेऊन बघा."

आत्यानं मला कोपर मारलं. "पोरगी क्योतोला शिकलीय," ती म्हणाली. पोरीला गोवर आलाय हे जसं सांगावं, तसं.

"दिसतंय," वस्ताद म्हणाले. मग त्यांनी आत्याकडे नीट पाहिलं आणि डोक्यावरची टोपी काढली. "वहिनी? काकुजीच्या घरच्या?"

"हो."

"दर नव्या वर्षाला जेवणाचं गाठोडं घेऊन यायचात. उंबऱ्याबाहेरून द्यायचात. मीच आत न्यायचो."

"आणि त्यातला मुळा तुम्ही खायचात, असं हे सांगायचे."

"त्याला मुळा आवडायचा नाही ना."

"मला एकतीस वर्षं बोलले नाहीत," ती म्हणाली.

वस्तादांनी आम्हाला बूट दिले. माझ्या मापाचे नव्हते. टाच आत जाईना. मी दारातल्या फळीवर बसून बुटाशी झगडत होते आणि म्हातारा माझ्या डोक्यावर उभा राहून काहीतरी सांगत होता. आत गेल्यावर काय करायचं, काय करायचं नाही. प्रत्येक म्हाताऱ्याकडे अशी एक यादी असतेच.

"हं," मी म्हटलं.

"हे महत्त्वाचं आहे. कळलं ना?"

"हं, हं."

टाच एकदाची आत गेली.

३

टाक्यांची खोली लांब होती. दोन्ही बाजूंना माणसापेक्षा उंच, फिक्या हिरव्या रंगाच्या टाक्या. डावीकडे पाच, उजवीकडे चार. छताजवळ फळ्यांचा माच आणि त्याच्यावर चढायला शिड्या. थंडी इतकी की श्वास दिसत होता. एकाच टोकाला खिडकी, तिच्यातून बर्फावरून उलटून आलेला पांढरा उजेड. पिकलेल्या केळ्यासारखा वास. आणि आवाज. भरलेल्या टाक्या आपापल्यात पुटपुटत होत्या. बुडबुडे फुटण्याचा तो आवाज, पण एका वेळी नऊ टाक्यांतून आला की पलीकडच्या खोलीत लग्नाच्या पंगती बसल्यासारखा वाटतो. बोलणं ऐकू येतं, शब्द लागत नाहीत.

इतर माणसं कुठे आहेत, असं मी विचारलं.

"अंगणापलीकडे. भात वाफवतायत. तासभर इथे कोणी नसतं."

काम कसं चालतं ते वस्ताद आत्याला दाखवू लागले. मी बाजूला उभी राहून, न ऐकल्यासारखं करून ऐकत होते. टाकीवर एकट्यानं चढायचं नाही, जोडीनं काम. एक वर, एक खाली शिडीपाशी. वरचा ढवळता ढवळता काहीबाही बोलत राहतो किंवा "ओई" म्हणतो. खालच्यानं दर वेळी "होई" म्हणायचं. चुकवायचं नाही.

"का?" आत्यानं विचारलं.

"वर वायू लागला की माणसाची मान पुढे झुकते. त्याला स्वतःला कळत नाही. झोप आल्यासारखी झुकते. खालून आवाज आला की तो मान उचलतो. तेवढ्यानंच वाचतो. खाली उतरला की 'उतरलो' म्हणतो, मग खालचा मोकळा."

मी भिंतीकडे बोट दाखवलं. तिथे माझ्या छातीच्या उंचीला वायू मोजायचं यंत्र होतं, हिरवा दिवा लागलेला. "हे असताना ओरडायचं कशाला?"

"यंत्राची बायको घरी वाट बघत नसते," वस्ताद म्हणाले.

आत्या हसली. तीन दिवसांत पहिल्यांदा. मला हरल्यासारखं वाटलं, पण बरंही वाटलं.

"सात नंबर कुठली?" तिनं विचारलं.

उजवीकडची दुसरी. जमीन त्या बाजूला उतरती होती, टाक्या धुतलेलं पाणी वाहून जावं म्हणून. टाकीच्या पायाशी मोरी होती, वर लोखंडी जाळी. शिडीला आठ पायऱ्या. लाकडावर दवाचे थेंब धरलेले. आत्यानं टाकीला हात लावला नाही. लांबूनच वाकून नमस्कार केला, खूप वेळ. मग वस्ताद तिला खिडकीजवळच्या देवळीकडे घेऊन गेले. मी मागे राहिले. संध्याकाळच्या गाड्यांच्या वेळा पाहायच्या म्हणून सात नंबरच्या शिडीला टेकून फोन काढला.

४

बर्फामुळे दोन गाड्या रद्द होत्या. तीन दहाची होती. ती गाठली तर अंधाराच्या आत घर. आत्या मागे बोलायला लागली होती. नेहमीचा तोच सूर, खालच्या पट्टीतला, न संपणारा. छपरावरचा बर्फ काढायचा राहिलाय. 

"हं."

यंदा काढला नाही तर वासा जाईल.

"हं."

तीन दहाच्या गाडीला पुढे जोडगाडी आहे का ते मी पाहत होते. धाकटीच्या चपला झिजल्यात, असं काहीसं. नव्या घ्यायच्या. परतताना घ्यायच्या.

"हं. हं."

आणि मग आत्या खिडकीपाशी हसली.

मी मान वर केली. ती खोलीच्या पार टोकाला होती, वस्तादांच्या शेजारी, माझ्याकडे पाठ करून. आमच्यात वीसेक पावलांचं अंतर होतं.

मागचं बोलणं थांबलं नव्हतं. ते मागून नव्हतंच, हे आता कळलं. वरून येत होतं.

मी मूर्ख नाही. पहिला विचार पाइपांचा. पाइपातून आवाज कुठूनही कुठे जातात. अंगणापलीकडचे कामगार बोलत असतील. दुसरा विचार टाक्यांचा. बुडबुड्यांच्या आवाजात माणसाचं डोकं आपोआप शब्द घालतं, त्यावर अभ्यास झालेले आहेत. दोन्ही स्पष्टीकरणं चांगली होती. फक्त एक गोष्ट त्यांत बसत नव्हती. तो आवाज प्रत्येक वाक्यानंतर थांबत होता. बरोबर माझ्या "हं"एवढा.

मी तपासून पाहायचं ठरवलं. गप्प राहिले.

वाक्य संपलं. जागा आली. ती मी भरली नाही. वरचा आवाज वाट पाहत राहिला. मग पुन्हा तेच वाक्य म्हणू लागला, पण आता त्यातली अक्षरं ओली झाली होती, तोंडात काहीतरी भरल्यासारखी. माचावरची एक फळी पुढच्या बाजूला कुरकुरली. टाकीच्या तोंडाच्या बाजूला. कोणीतरी हळूहळू पुढे झुकत असावं, तसा आवाज.

"हं!" मी म्हटलं. ठरवून म्हटलं नाही, निघून गेलं.

फळी मागे आली. वर कोणीतरी लांब श्वास घेतला.

५

वस्तादांना पळत येताना मी पाहिलं. सत्तरीच्या माणसानं रबरी बुटात, ओल्या जमिनीवर पळू नये.

"किती वेळ देताय?"

"काय?"

"हुंकारा! किती वेळ झाला?"

"मला वाटलं आत्या बोलतेय. हं. दहा मिनिटं असतील. वर कोण आहे?"

"वर कोणी नाही."

"हं. अहो, मला ऐकू येतंय!"

"दारात सांगितलं होतं तुम्हाला. बोला, भांडा, हवं ते विचारा. पण ज्याचं तोंड दिसत नाही त्याला आत हुंकारा द्यायचा नाही. एवढी एकच गोष्ट सांगितली आणि तुम्ही 'हं' म्हणालात."

मला राग आला, नेहमीसारखा. अशी गोष्ट दारात बूट चढवताना सांगतात का? लिहून लावायची, लाल अक्षरांत. मी तसं म्हणणार होते, पण मध्ये जागा आली आणि मला "हं" म्हणावं लागलं.

"मग आता थांबते."

"नाही!" त्यांनी माझं मनगट धरलं. "एकदा दिलात की तुम्ही खालच्या. तो उतरेपर्यंत थांबायचं नाही. एकदा एका पोरानं घाबरून मध्येच सोडलं होतं..." 

आत्या आली. ती पळाली नव्हती. तिनं वर पाहिलं, मग माझ्याकडे, मग वस्तादांकडे, आणि एकोणीस वर्षं तोंडात धरून ठेवलेला प्रश्न तिनं अगदी साध्या आवाजात विचारला.

"त्या दिवशी खाली कोण होतं?"

वस्तादांनी टॉवेलनं तोंड पुसलं. "कोणी नव्हतं, वहिनी. जेवायची सुट्टी होती. फेस वर येतोय म्हणून तो एकटाच चढला. कोणी नव्हतं."

"म्हणजे त्यांनी हाक मारली असेल तर..."

"हं," मी वरच्याला म्हटलं. ते ऐकून आत्याचा चेहरा असा काही झाला की तो मला अजून दिसतो.

"थांबू नकोस, कोतो," ती म्हणाली. "माझी शपथ आहे. मोठ्यानं म्हण. त्यांना ऐकू जाऊ दे."

"आत्या, हा बुडबुड्यांचा आवाज आहे."

"असू दे. म्हण."

मी म्हणत राहिले. कशावर विश्वास ठेवून नव्हे. फक्त, न म्हणण्याचं धाडस होईना. एव्हाना माझ्या नाकात झिणझिण्या आल्या होत्या, सोड्याची बाटली उघडल्यासारख्या, आणि कपाळ ठणकत होतं. भीतीनं होतं असं, मी स्वतःला सांगितलं. यंत्राचा दिवा हिरवाच होता.

मग शिडीची सर्वांत वरची पायरी वाजली.

६

तो उतरत होता. एक पाय, दुसरा पाय, मग थांबणं. प्रत्येक थांब्याला माझा "हं". शिडी माझ्यापासून हातभर अंतरावर होती आणि तिच्यावर कोणी नव्हतं. पण कडेच्या लाकडावर साचलेले दवाचे थेंब वरून खाली पुसले जात होते. चार बोटं आणि एक अंगठा एवढ्या रुंदीनं. जरा थांबून, त्याच्या खाली, पुन्हा चार बोटं आणि अंगठा.

आत्या शिडीजवळ आली. कान देऊन ऐकत होती. आवाज आता माझ्या डोक्याच्या पातळीवर आला होता, शब्द कळत होते. पुन्हा तेच. छप्पर. वासा. धाकटीच्या चपला.

"धाकटीच्या?" आत्या म्हणाली.

"हं," मी म्हटलं, तिला की त्याला कोण जाणे.

"आमच्या घरी धाकटी नाही. थोरलीही नाही." तिनं पदर सारखा करावा तसे किमोनोचे काठ ओढले. नवी बातमी मिळाल्यावर ती हे करते. "हे ते नव्हेत, कोतो."

मला अक्षरशः सुटल्यासारखं वाटलं. "ठीक. मग चल. तीन दहाची गाडी आहे." मी तिचा दंड धरला आणि वरच्याचं वाक्य संपलं तेव्हा तोंड मिटून घेतलं.

चौथ्या की पाचव्या पायरीवर काहीतरी निसटलं. घशातून येणारा एक आवाज झाला, बारीक, लाज वाटल्यासारखा.

"होई," आत्या म्हणाली.

मोठ्यानं, छातीतून. पुरुषांचा शब्द, ज्या जागेत तिला पाऊल टाकायची बंदी होती त्या जागेत. नऊच्या नऊ टाक्या क्षणभर गप्प झाल्यासारख्या वाटल्या.

"आत्या, तुला काय करायचंय? तुझा कोण लागतो तो?"

"कोणाच्या तरी घरचा आहे ना," ती म्हणाली. "होई! त्या धाकटीच्या आईला कोणी सांगितलं असेल का, खाली कोणी नव्हतं म्हणून? होई!"

वस्ताद डोकं खाली घालून उभे होते, शाळेत शिक्षा झालेल्या मुलासारखे. पाय उतरत राहिले. सहा. सात. आठवी पायरी, शेवटची. आम्ही तिघंही त्या एका शब्दाची वाट पाहत होतो. उतरलो.

नववी पायरी वाजली.

आठच पायऱ्या होत्या. मी दोनदा मोजल्या होत्या. दहावी. आवाज आता माझ्या घोट्यांपाशी होता. अकरावी. जाळीखाली.

"होई," आत्या म्हणत होती आणि प्रत्येक "होई"ला थोडी खाली वाकत होती. गुडघ्यांवर बसली. मग हातांवर. कोणी विहिरीत उतरत असेल तर काठावरून जसं डोकावतात तसं. आवाज लांब लांब गेला आणि थांबला.

"गेला," वस्ताद कुजबुजले. "वहिनी, उठा आता. झालं."

पण आत्या उठली नाही. मोरीच्या जाळीवर तोंड नेऊन, कशी सुचली तिला ही बुद्धी, ती हळूच म्हणाली, "ओई?"

वरच्या माणसाची हाक.

खालून, पार खालून, उत्तर आलं. "होई."

तो आधीचा आवाज नव्हता. जाडसर, जरासा वैतागलेला, जेवताना हाक मारली की माणूस देतो तसा. मला तो ओळखीचा नव्हता. मी पाच वर्षांची होते. पण वस्तादांनी टाकीला हात टेकला आणि आत्या माझ्याकडे वळून हसली. ओठ निळे पडले होते.

"हे तेच," ती म्हणाली.

७

कार्बन डायऑक्साइड हवेपेक्षा जड असतो. पहिल्या वर्षाचा धडा आहे. तो पाण्यासारखा वाहतो, उतारानं जातो, सखल जागी साठतो. छातीच्या उंचीच्या यंत्राला त्याचा पत्ताही लागत नाही. हे मला ठाऊक होतं. परीक्षेत लिहिलं होतं. आणि मी पंधरा मिनिटं तिथे उभी राहून, शिकल्यासवरल्यासारखी, पाइप आणि बुडबुड्यांचा विचार करत होते.

"आत्या, ऊठ! तिथली हवा वाईट आहे!"

"ओई," ती जाळीशी म्हणाली.

"होई."

मी तिच्या काखेत हात घातले. चाळीस किलोची बाई, पण तिनं जाळीत बोटं अडकवली होती. ती सुटेनात. मी गुडघ्यावर बसले, जोर लावायला, आणि एक श्वास घेतला. फक्त एक. छातीत हवा गेलीच नाही, दुसरंच काहीतरी गेलं. डोळ्यांपुढे खिडकी लांब गेली. ती खूप सुंदर दिसत होती. मान जड झाली, झोप आल्यासारखी, आणि मला काहीच वाईट वाटत नव्हतं.

"हिला बाहेर ने," आत्याचा आवाज मी ऐकला. वस्तादांना ती एकेरीत बोलली. "भावाची पोर आहे ती. ने म्हणते ना!"

माझी कॉलर गळ्याला काचली. पाठीखाली ओली जमीन, मग उंबरा, मग बर्फ. वस्तादांनी मला अंगणात टाकलं, दार ओढून घेतलं आणि अंगणापलीकडे ओरडले. मास्क आणा! मास्क! वाफेच्या ढगातून माणसं पळताना दिसली. कोणाच्या तरी हातातली भाताची पाटी उलटली.

मी उठून दाराकडे गेले. ते दारासमोर उभे होते.

"बाजूला व्हा."

"मास्क येतोय."

"बाजूला हो, म्हाताऱ्या! माझी आत्या आहे आत!"

"मास्कशिवाय आत गेलेला दुसराही मरतो. दर वेळी मरतो, पोरी. दोघं दोघं उचललेत मी या हातांनी." ते रडत होते. त्यांनी मला दोन्ही हातांनी कवटाळून धरलं, आणि मी त्यांच्या नडग्यांवर लाथा मारत होते, रबरी बुटांनी.

दाराच्या फळ्यांमागून ऐकू येत होतं.

"ओई."

"होई."

शांतपणे चाललं होतं. दोघं घरी बसल्यासारखं. एक स्वयंपाकघरात, एक ओसरीवर.

"ओई."

"होई."

मास्कची पेटी घेऊन येणारा माणूस अंगणाच्या मधोमध बर्फात गुडघाभर रुतला होता. दुसऱ्यानं पेटी त्याच्या हातातून घेतली. खटके निघत नव्हते.

"ओई," आत्या म्हणाली.

मी थांबले. लाथा मारायची थांबले. वस्तादही थांबले, ऐकत.

खालून काही आलं नाही.

बुडबुडे फुटत होते. छपरावरून बर्फाचा एक थर घसरून पडला. मी आकडे मोजायला लागले, का ते माहीत नाही. सहापर्यंत मोजले. आत ती जाळीवर वाकून वाट पाहत असेल. आवाज आला की माणूस मान उचलतो. कोणाचाही आवाज. कोणाचाही चालला असता.

मी तोंड उघडलं.

वस्तादांचा तळवा माझ्या तोंडावर बसला. ओला, थंड, वाफवलेल्या भाताचा वास येणारा. मी चावले. रक्ताची चव आली. त्यांनी हात काढला नाही.

"नका," ते माझ्या कानात म्हणत होते, "नका देऊ. आता तिथे कोण हाक मारतंय ते तुम्हाला ठाऊक नाही. नका देऊ."

दारामागून, अगदी हळू, कोणी आहे का असं विचारल्यासारखं, आत्या पुन्हा म्हणाली, "ओई?"